सारसावर न बोलायचा शब्द

बटणांचा माल कुणी स्वतः घेऊन जात नाही. पेटीत भरायचा, धक्क्यावर तोलून द्यायचा, की पलीकडच्या शहरात ज्याचा त्याला पोचतो. शिंगाची बटणं, शिंपल्याची, पितळेची... यातलं काही नासत नाही, सांडलं तर वेचता येतं आणि चोरालाही त्यात फारशी गोडी नसते. म्हणून बटणवाली एका सकाळी पेटी काखेत मारून स्वतःच धक्क्याकडे निघाली, तेव्हा गल्लीतल्या दुकानदारांच्या भुवया वर गेल्या.

"काय हो बाई, बटणांना सोबत लागायला लागली का आता?" शेजारच्या आरसेवाल्यानं विचारलं.

"बटणांना नाही. एका गाढवाला कान धरून आणायचंय," ती म्हणाली आणि चालू लागली.

गाढव म्हणजे तिचा धाकटा भाऊ.

धाकटा सारसावर फळीवाला होता. फळीवाल्याचं काम काय ते पुढे येईलच. वर्ष होत आलं त्या गोष्टीला. एक दिवस जहाजकंपनीचा माणूस दारात येऊन उभा राहिला. टोपी हातात, बूट चकचकीत, आवाजाला लोणी लावलेलं. धाकट्याचा जादा कोट घडी करून आणला होता त्यानं. "आपला भाऊ उतरला," तो बटणवालीला म्हणाला.

"कुठं?"

"प्रवासात," तो म्हणाला, टोपी घातली आणि गेला.

भावजय तेव्हा अवघडलेली होती. तिनं ते ऐकलं आणि एवढंच म्हणाली, "मग येतील मागच्या जहाजानं." तेव्हापासून त्या घराच्या दाराला कडी लागली नाही. मुलगी झाली, रांगायला लागली, आणि आई आपली धक्क्याकडे तोंड करून बसलेली. जेवण तिथेच, पोरीला पाजणं तिथेच. रात्री डोळा लागला तरी मान दाराकडे. तिचा चेहरा वाळत चालला होता आणि तो बघून बटणवालीच्या अंगाचा तिळपापड व्हायचा. बायकोला दिवस गेले की काही नवऱ्यांना पाय फुटतात, हे तिनं बाजारात बघितलं होतं. आपल्याच घरात तो नमुना निघावा! ज्याला तिनं आईच्या माघारी वाढवला, ज्याच्या सदऱ्याची बटणं रोज सकाळी तिनं लावून दिली, तो असा न सांगता कुठल्या तरी धक्क्यावर उतरून जातो? गिऱ्हाईक असो नसो, ती काउंटरवर बटणं आपटत त्याला शिव्या घालायची. मेला, करंटा, पळपुटा. पितळी बटणांना पोचे आले त्या वर्षात.

शेवटी तिनं ठरवलं, शोधायचा आणि आणायचा. नाहीच आला, तर निदान भावजयीला येऊन सांगायचं, बाई, तुझा नवरा दुसरीकडे मजेत आहे, लाव आता कडी आणि झोप. काहीतरी एक. पण भावजयीचं ते दाराकडे बघणं संपलं पाहिजे.

आता सारसाबद्दल. आकाशात जहाजांच्या जाती पुष्कळ. टपाल नेणारी घार अरुंद आणि चपळ, तिच्यात माणसाला गुडघे पोटाशी घेऊन बसावं लागतं. सारस म्हणजे कंपनीची शान. पुढे लांब मान, मधे भलंमोठं पोट, डोक्यावर वायूची पिशवी आणि खाली धक्का पकडायला दोन लांब पाय. सगळे सारस एका साच्यातले. एकावर डोळे मिटून फिरता आलं की सगळ्यांवर आलं, खिळासुद्धा जिथल्या तिथे. पोटाच्या खालच्या अंगाला, बाहेरून, या टोकापासून त्या टोकापर्यंत एक अरुंद फळी. वाळूच्या गोण्या सोडायला, दोरांवरचं बर्फ खरवडायला त्या फळीवर जो जातो तो फळीवाला. त्याच्या पायाखाली वीतभर लाकूड, आणि लाकडाखाली ढग. ढगाखाली ढग. त्याच्याखाली काय, ते कुणाला ठाऊक नाही. जुन्या लोकांनी दोर सोडून बघितले होते. दोर संपले.

धाकटा ज्यावर होता त्याच सारसावर ती चढली. त्याच्या बैठकीत मोठमोठ्या खिडक्या होत्या, बाकांना गाद्या होत्या, आणि वास होता ओल्या काड्यापेटीसारखा. तो वायूचा वास. बटणवालीला ओळखीचा एकच माणूस भेटला. तिचं जुनं गिऱ्हाईक, शिंपीकाका. भाचीचे कपडे शिवून घेऊन निघाले होते.

"तू पण? बरं झालं," ते म्हणाले. "एकट्यानं प्रवास म्हणजे शिक्षा. त्यात हे जहाज एवढं महाग प—"

त्यांच्या तोंडावर कुणाचा तरी पिठानं माखलेला हात बसला. हात मावशीचा होता. ही मावशी सारसावरचा स्वयंपाक बघायची. अंगानं गोल, आवाजानं त्याहून गोल.

"महाग जातं म्हणा," मावशी म्हणाली. "तो शब्द इथे नाही चालत."

"कुठला शब्द?"

"खाली जाण्याचा. धक्क्यावर पाटी वाचली नाहीत का?"

शिंपीकाकांनी मिशीचं पीठ झटकलं. "बरं, महाग जातं. पण मला प्रश्न असा प—"

"प्रश्न आला म्हणा!"

बैठकीत हशा झाला. मावशीला याची सवय होती. तिनं बोटं मोडत सगळं सांगितलं. माणूस आजारी होतो, पाऊस येतो, गोष्टीचा विसर होतो, वडीलधाऱ्यांच्या पाया लागायचं, आणि बाजारात भाव उतरतात. मागे एका कापूसवाल्यानं उतरत्या भावाचं रडगाणं नेहमीच्या भाषेत गायलं, तर त्याला पुढच्याच धक्क्यावर गाठोड्यासकट बाहेर काढला होता.

"अहो, पण आपल्या भाषेत त्या शब्दाशिवाय माणसानं बोलायचं कसं?" शिंपीकाका कावले.

"चालायचं तसं," मावशी म्हणाली. "तोल सांभाळून."

सगळे पुन्हा हसले. बटणवाली नाही हसली. व्यापारी माणसाला मुलाम्याचा वास लगेच येतो. बाजारात जुना माल 'मुरलेला' होतो, विरलेलं कापड 'हवेशीर' होतं, हे तिलाही येत होतं. पण आपण मुलामा कशावर चढवतो? जिथे खालचं धड नाही त्यावर.

"आणि कुणी बोललंच तर?" तिनं विचारलं.

मावशीच्या तोंडावरचं हसू तसंच राहिलं, पण डोळ्यांतलं गेलं. "तर ऐकतात," ती म्हणाली.

"कोण?"

"माझी डाळ करपेल," असं म्हणून मावशी निघून गेली.

दुपारी सारस ढगात शिरला. ज्यांनी ढग फक्त खालून किंवा वरून बघितलाय त्यांना हे कळणार नाही. अंधारात निदान आपल्याला दिसत नाही एवढं तरी कळतं. ढगात सगळीकडे उजेड असतो आणि दिसत मात्र काही नाही. खिडक्यांवर कुणी दूध ओतल्यासारखं झालं. भर दुपारी दिवे लावले, आणि त्यांच्याभोवती ओलसर पिवळी वलयं उभी राहिली. गाद्या दमट झाल्या. बोलणं आपोआप खाली आलं. दोरांची कुरकुर, वाफेचा श्वास, आणि मधूनच पोटाखालच्या फळीवरून कुणाच्या तरी बुटांचा आवाज. टक... टक... सावकाश.

शिंपीकाका पेंगत होते. त्यांच्या बोटातलं अंगुस्तान निसटलं आणि घरंगळत बाकाखाली गेलं. झोपेतच ते पुटपुटले, "अरे... पडलं की..."

दिवे पुसणाऱ्याचा हात जागच्या जागी थांबला. दारातल्या पोऱ्याच्या हातात दोर तसाच राहिला. खालचे बूटही थांबले. आणि जहाजावरच्या प्रत्येक माणसानं वर बघितलं. खाली नाही, वर. छताकडे, छतावरच्या पिशवीकडे, तिच्याही पलीकडे.

मग खूप उंचावरून, डोंगरापलीकडून कुणी हाक मारावी तसा आवाज. शब्द कळत नव्हते. तो जवळ आला, उजवीकडच्या खिडक्यांच्या बाहेरून गेला, आणि खाली... खाली... विरून गेला.

"पक्षी असेल," शिंपीकाका डोळे चोळत म्हणाले. दिवे पुसणारा पुन्हा दिवे पुसायला लागला.

बटणवाली उठली आणि सरळ स्वयंपाकघरात गेली. मावशी पाठमोरी उभी होती. हातात सुरी होती, समोर कांदा होता, पण सुरी चालत नव्हती.

"मावशी, मला एकच सांग. माझा भाऊ याच जहाजावर फळीवाला होता. वर्षापूर्वी उतरला. कुठल्या धक्क्याला उतरला तेवढं सांग, बाकीचं मी बघते."

मावशी वळली. "तू... ताई?"

"त्यानं सांगितलं होतं माझ्याबद्दल?"

"सारखं. ताई अशी नि ताई तशी." मावशीनं सुरी खाली ठेवली. "त्यांनी काय सांगितलं तुला?"

"उतरला म्हणून."

"आणि तू धक्क्याला उतरला असं धरून चाललीस?"

"मग? माणूस आणखी कुठं उतरतो?"

मावशीनं मान खाली घातली आणि पायाखालच्या लाकडाकडे बघितलं. त्या लाकडाखाली फळी होती, आणि फळीखाली...

बटणवालीनं भिंत धरली.

"तो शब्द नाही ना बोलायचा," मावशी कुजबुजली. "म्हणून कंपनीनं हा दिला. फळीवरून गेलेले सगळे 'उतरले'च असतात बाई. आम्हाला सवय झाली. बाहेरच्यांना तसाच निरोप देतात, आम्हाला ठाऊक नव्हतं असंही नाही..."

"कसा?"

"फळीवर बर्फ होतं. माझ्याशी बोलत होता खिडकीतून. मुलगीच होणार म्हणत होता, नाव सुचवा म्हणत होता. हसत होता. आणि मग खिडकीत नव्हता." मावशीनं पदरानं नाक पुसलं. "आधी खाली जाळं असायचं, ताई. अख्ख्या पोटाखाली. कुणी घसरलं तर जाळ्यात. आम्ही वर ओढून घ्यायचो, शिव्या घालायचो, जेवायला वाढायचो. पण जाळ्याचं वजन फार. ते काढलं की तेवढ्या मालाच्या गाठी जास्त बसतात. सगळ्याच सारसांवरून काढलं."

वर्षभर बटणवालीनं भावाला घातलेल्या शिव्या हवेत विरल्या नव्हत्या. त्या आता आपला खरा मालक शोधत परत आल्या होत्या, आणि त्यांचा पत्ता तिला बरोबर कळला होता. सारसाच्या लांब मानेत, अगदी पुढे, कप्तानाची खोली होती.

कप्तान नीटनेटका माणूस होता. कापलेली नखं, पांढरे हातमोजे, टेबलावर कडक घडीचा रुमाल. समोरच्या मोठ्या काचेत ढगाशिवाय काही नव्हतं. तिनं कोण ते सांगितलं तसा तो उठून उभा राहिला.

"बसा ना, ताई."

"मला ताई म्हणू नका. ताई म्हणणारा तुम्ही घालवलात."

"आपलं दुःख मी समजू—"

"दुःखाचं नंतर बघू. आत्ता मला राग आलाय, तो समजून घ्या. माझी भावजय वर्षभर दार उघडं टाकून बसलीय. उतरला म्हणालात ना! उतरलेला माणूस परत चढतो. तुम्ही तिला विधवासुद्धा होऊ दिलं नाहीत. रडायचं होतं तेव्हा ती केस विंचरून बसायची, आज येतील म्हणून. आता तुम्ही एकच करायचं. आमच्या घरी यायचं, तिच्यासमोर उभं राहायचं, आणि काय झालं ते खऱ्या शब्दात सांगायचं. तुमच्या तोंडानं."

"ते मला करता येणार नाही."

"का? जीभ झिजते?"

कप्तानानं हातमोज्याची सुरकुती सारखी केली. "आपण जो शब्द म्हणता, बाई, तो वापरायला खाली काहीतरी असावं लागतं. जिथे माणूस पोचला असं दाखवता येईल असं काही. इथे खाली काही नाही. जो कुठंही पोचलाच नाही, तो... तसा झाला, असं कसं म्हणणार? तो जहाजावरून गेला, एवढंच खरं आहे. म्हणून उतरला. कंपनीनं विचार करूनच हा शब्द घेतलाय."

"आणि जाळं? तेही विचार करूनच काढलंत?"

"ते वजनाचं गणित आहे."

"माणसाचं वजन नव्हतं त्या गणितात?"

"बाई, आवाज खाली. आपण ढगात आहोत. प्रवासी घाबरतील."

"प्रवासी घाबरतील!" बटणवालीच्या कपाळाची शीर तटतटली. "तुमच्या गाद्या, तुमच्या गाठी, तुमचे प्रवासी! तो पोरगा तुमच्यासाठी बर्फावर उभा राहायचा, आणि तुम्हाला काय पडलीय त्याची!"

शब्द बोलण्याच्या ओघात निघाला होता. कप्तानाचा चेहरा हातमोज्यासारखा पांढरा झाला, आणि तो बघून तिला कळलं की आपण काय बोललो. मग तिनं तोच शब्द मुद्दाम, सावकाश, एकेक अक्षर आपटत उच्चारला.

"पडला. माझा भाऊ पडला. तुमच्या मालाच्या गाठींपायी पडला!"

वाफेचा श्वास थांबला. सगळं जहाज कान देऊन उभं राहिल्यासारखं झालं. टेबलावरच्या दिव्याची ज्योत बारीक होत होत मोहरीएवढी झाली. कप्तान खुर्चीच्या मागे सरकला आणि वर बघायला लागला.

"बोलू नका," तो कुजबुजला. "काही विचारलं तरी उत्तर देऊ नका. गप्प राहिलं की... जातात."

"कोण जातात?"

आवाज आला. खूप उंचावरून, पिशवीच्याही वरून. तो आता हाक राहिला नव्हता, त्यात शब्द होते, आणि तो आवाज बटणवालीनं ओळखला. बोबडं बोलायचा तेव्हापासून ओळखत होती ती तो.

"ताई..."

समोरच्या काचेबाहेर पांढऱ्यात काहीतरी करडं दिसलं. वरून खाली येत होतं. दगड येतो तसं नाही. पाण्यात बुडणारं कापड येतं तसं, हळू. फळीवाल्याचा कोट, दोन्ही बाजूंनी पसरलेला. केसांत बर्फ. चेहरा काचेसमोरून गेला तेव्हा डोळे उघडे होते आणि त्यांत भीती नव्हती. नुसता थकवा होता, लांबच्या प्रवासात लहान मुलाला येतो तसा.

"ताई... पोचलो का गं?"

आणि तो खाली गेला.

बटणवालीचे हात काचेवर चिकटले होते. खाली ढग मिटला. आणि मग... परत वरून. तोच आवाज, तोच कोट.

"पोचलो का?"

त्याच्या मागे आणखी कोट होते. पुसट, करडे, एकामागे एक, जुन्या कापाचे, नव्या कापाचे. सगळे वरून येत होते आणि खाली जात होते, कारण खाली काही नव्हतंच थांबायला.

"तुम्हाला ठाऊक होतं," ती मागे न बघता म्हणाली.

"प्रत्येक सारसावर येतात," कप्तान खुर्चीमागून म्हणाला. "ढगात. कुणी तो शब्द बोललं की. आम्ही काय करणार? गप्प बसतो."

त्या 'गप्प बसतो'नं तिच्या आत उरलंसुरलं जे काही थंड होतं तेही पेटलं. तिनं त्याला गळपट्टीला धरून बाहेर ओढला. कोटाचं वरचं बटण तुटून उडालं. बटणवालीचा हात तो. कुठल्या बटणाला किती दोऱ्याचे वेढे असतात ते त्याला न बघता कळायचं. तिनं त्याचं तोंड काचेला टेकवलं.

"तो विचारतोय. सांगा त्याला."

"मी... नियम..."

"सांगा!"

कोट समोर आला. डोळे या वेळी कप्तानावर थांबले.

"उत... उतरलास," कप्तान म्हणाला.

"कुठं?" धाकट्यानं विचारलं.

वर्षापूर्वी दारात तिनं विचारलं होतं तेच, तसंच. कप्तानाचे ओठ नुसते हलले. धाकटा खाली जायला लागला.

"खरं बोला," बटणवाली कप्तानाच्या कानात म्हणाली. तिचा आवाज आता अगदी हळू होता, आणि म्हणून जास्त वाईट होता. "आयुष्यात एकदा खरं बोला. तो कधीचा पडतोय."

कप्तान रडायला लागला. "पडलास," तो म्हणाला. "जाळं आम्ही काढलं. फळीवर बर्फ होतं... आम्हाला माहीत होतं. पडलास रे बाबा. तू पडलास."

धाकट्याचा कोट खाली ढगात मिटला.

मग आवाज झाला. धप्प. ओलं, जड, मातीवर गोणी टाकावी तसा. जहाजावर नाही. खाली कुठेतरी, लांब. ज्या आकाशाला तळ नाही असं सगळे म्हणतात, तिथे कुणीतरी तळाला लागलं होतं.

बटणवालीनं डोळे मिटले. कप्तानानंही सुटकेचा श्वास घेतला. पण काचेबाहेरचे बाकीचे कोट थांबले नव्हते. त्यांनी ऐकलं होतं.

"आणि मी?" एकानं विचारलं.

"माझं सांगा साहेब..."

"मी पण... मी कधीचा..."

बटणवाली दार ओढून बाहेर आली. आत कप्तान एकेकाला सांगत होता. धक्का येईपर्यंत सांगत होता. पलीकडच्या शहरात त्याला दोघांनी धरून बाहेर आणलं तेव्हाही त्याचे ओठ हलतच होते, आणि कंपनीच्या माणसानं सगळ्यांना अदबीनं सांगितलं की साहेबांची प्रकृती थोडी नरम आहे. मुलामा संपत नाही या लोकांकडचा. जहाज गेलं तरी मुलाम्याचा डबा हातात राहील.

बटणं तिनं ज्याची त्याला दिली. माणूस आतून कितीही पेटलेला असो, गिऱ्हाइकाचा कोट उघडा ठेवता येत नाही. परतताना ती टपालाच्या घारीनं आली, गुडघे पोटाशी घेऊन, आणि सगळ्या वाटेत एकच वाक्य घोळवत राहिली. भावजयीला कसं सांगायचं? जवळ बसायचं, हात धरायचा, आणि आडवळण न घेता सांगायचं. पडला. तो आता येणार नाही. रड. मी आहे. त्या वाक्यासाठी एवढं सगळं केलं होतं. भावजयीला निदान दुःख तरी तिच्या हक्काचं मिळायला हवं होतं.

गल्ली नेहमीसारखी होती. आरसेवाला आरसे पुसत होता. ऊन घरांच्या भिंतींवर चढलं होतं. पण घराचं दार बंद होतं, आणि बटणवालीनं ढकललं तेव्हा ते उघडलं नाही. आतून कडी होती. वर्षभरात पहिल्यांदा.

तिनं दार ठोठावलं. भावजयीनं दार उघडलं. कडेवर मुलगी. चेहरा निवलेला, डोळ्यांखालची काळी वर्तुळं फिकी झालेली, झोप झालेल्या बाईचा चेहरा. तिच्यामागे, आतल्या अंगणातली मधली फरशी फुटून आत गेली होती, तिच्याभोवती मातीचे शिंतोडे भिंतीपर्यंत उडाले होते. कुणीतरी ते पुसायला घेतलं होतं.

"हे कधी झालं?" बटणवालीनं विचारलं.

"परवा दुपारी. केवढा धप्पकन आवाज झाला! पोरगी दचकून उठली."

परवा दुपारी सारस ढगात होता. बटणवालीनं ओठ ओले केले. घोळवलेलं वाक्य तिनं गोळा केलं. "इकडे बस. मला तुला एक सांगायचंय. तुझा नवरा..."

भावजयीनं चटकन ओठांवर बोट ठेवलं. हसली. आतल्या खोलीकडे मानेनं खूण केली.

"हळू बोला ना वन्सं. आत्ताच डोळा लागलाय ह्यांचा. वर्षभर पाठ टेकली नाही म्हणाले."

आतल्या खोलीचं दार किलकिलं होतं. खाट रिकामी होती. अंगावर घ्यायची चादर नीट घडी करून पायथ्याशी होती. पण गादी मधोमध खचली होती, तिच्यावर कुणी पाठ टेकून निजावं तशी. आणि बटणवालीच्या डोळ्यांदेखत ती आवाज न करता आणखी थोडी खचली, आणि मग आणखी थोडी.